मुदतवाढ

"दोन हजार सदतीस?" मितेशनं टेबलावर हात आपटला. "मॅडम, चष्मा बदला. पुढच्या मे महिन्यात संपतंय आमचं कर्ज!"

बँकेच्या काउंटरवरची माणसं माना वळवून बघायला लागली. शेजारी बसलेल्या ऋतिकानं आपली खुर्ची नवऱ्यापासून आणखी वीतभर लांब सरकवली.

"ओरडून कर्ज फिटत असतं तर तुझं कधीच फिटलं असतं," ती म्हणाली.

"तू गप. तुझ्याच हौसेपायी घेतलं हे घर."

"आणि घरभरणीला सहाशे पानं कुणी उठवली? तेवढ्यानं कर्ज तरी कमी काढावं लागलं असतं. पण न्हाय! साहेबांना गावात मिरवायचं होतं."

कर्ज विभागातल्या संघरत्ना मॅडमनी निमूटपणे पेन खाली ठेवलं. भांडणारी जोडपी त्यांना नवी नव्हती, पण हे म्हणजे कहरच होता.

या दोघांना एकमेकांचं तोंड बघवत नाही, हे काही गुपित नव्हतं. कोन गावातल्या त्यांच्या सोसायटीत भांडणाच्या वेळा वॉचमनलासुद्धा पाठ होत्या. सहा वर्षांपूर्वी दोघं वकिलाकडेही जाऊन आले. वकील म्हणाला, फ्लॅट दोघांच्या नावावर, कर्ज दोघांच्या नावावर, बँक कुणाचंच नाव सोडणार नाही. आधी कर्ज फेडा, मग फ्लॅट विका, निम्मे निम्मे घ्या आणि सुटा.

मितेश दापोड्याला गोदामात सुपरवायझर, ऋतिका नारपोलीत शाळेत क्लार्क. एकट्याच्या पगारात हप्ता झेपणारा नव्हता. म्हणून एकाच घरात दोन खोल्या वाटून घेऊन दोघं शेवटच्या हप्त्याची वाट बघत होती.

"शेवटचा हप्ता गेला की त्याच दिवशी बॅग उचलते," ऋतिका भेटेल त्याला सांगायची.

"बॅग मीच खाली आणून देतो," मितेश आतून ओरडायचा.

आज ती तारीख बँकेकडून लेखी घ्यायची आणि वकिलाला नेऊन द्यायची, एवढ्यासाठी दोघांनी अर्धी सुट्टी टाकली होती. आलेही वेगवेगळ्या रिक्षांनी.

संघरत्ना मॅडमनी कॉम्प्युटरचा पडदा त्यांच्याकडे वळवला. "हे बघा. तुम्ही बावीस लाख घेतले होते. नऊ वर्षांत बावीस लाख भरलेत."

"मग फिटलं की!"

"अजून तेरा लाख मुद्दल बाकी आहे, सर."

मितेशचं तोंड उघडंच राहिलं. ऋतिकानं ओढणीचं टोक बोटाला घट्ट गुंडाळलं.

"सुरुवातीच्या हप्त्यांत व्याजच जास्त असतं," मॅडम समजावून सांगायला लागल्या. "त्यात लॉकडाउनमध्ये तुमचा हप्ता सत्तावीस हजारांवरून पंधरावर आला. तो कमी झाला मुदत वाढवून. पुढे व्याजदर दोनदा चढला, तेव्हाही हप्ता तेवढाच ठेवला आणि वर्षं वाढवली. शेवटपर्यंत मिळून चव्वेचाळीस लाख जातील."

"म्हणजे दोन घरं झाली असती," ऋतिका फणकारली. "एकात हा, एकात मी. कटकटच मिटली असती."

"हप्ता कमी झाला तेव्हा गोदामात पेढे वाटले मी!" मितेशचा आवाज पुन्हा चढला. "बँकेनं माणुसकी दाखवली म्हणून. पेढे, मॅडम!"

"मुदत आम्ही आमच्या मनानं वाढवत नाही, सर. दर वेळी अर्ज येतो आणि..."

"कसले अर्ज? तुमचीच माणसं खरडणार, तुमचीच पास करणार. सगळे सामील हायत!"

"यांच्यावर विश्वास ठेवला तिथंच चुकलं," ऋतिका म्हणाली. कित्येक वर्षांत पहिल्यांदाच दोघांचं एकमत झालं होतं.

मॅडमनी आवाज शांत ठेवला. "झालं ते झालं. आता व्याजदर उतरलाय. दोघांनी मिळून महिन्याला बारा हजार जास्त भरलेत तर पाच वर्षांत मोकळे व्हाल. तुमचे पगार बघता झेपेल. आत्ता करून देऊ?"

मग मितेश खुर्ची मागे ढकलून उठला.

"एक पैसा जास्त देणार न्हाय! लुटारू कुठले. ग्राहक न्यायालयात खेचतो एकेकाला!"

तो तरातरा बाहेर गेला. काचेचं दार त्याच्यामागे हळूहळू बंद झालं.

"माणूस आहे की फटाका," ऋतिका पुटपुटली. दार पूर्ण लागल्याची खात्री करून ती पुढे झुकली. "मॅडम, उपकार झाले. माझं नाव नाही काढलंत."

"आज निघालंच असतं. बाईच्या नावानं व्याजात सवलत मिळते म्हणून त्यांनीच तुम्हाला पहिली अर्जदार केलं, आणि तुमच्या सहीनं तीन वेळा मुदत वाढली. ऋतिकाताई, केवढं व्याज भरताय तुम्ही! कशासाठी?"

ऋतिकाचे डोळे भरून आले. तिला स्वतःचाच राग आला.

"भांडतो, बोलत नाही, माझ्या हातचं जेवत नाही. पण रात्री घरी तर येतो ना? कर्ज फिटलं की येणार नाही."

तिनं पर्समधून घडी घातलेला कागद काढला. "हा चौथा. हप्ता अजून कमी करा आणि वर्षं वाढतील तेवढी वाढवा."

संघरत्ना मॅडमनी उसासा टाकून खाते क्रमांक टाकला. पडदा बदलला. त्या वाचत राहिल्या, मग त्यांनी तो कागद हळूच तिच्याकडे परत सरकवला.

"एका खात्यावर एका वेळी एकच अर्ज चढतो, ताई. सोमवारी मी रजेवर होते तेव्हा एक येऊन पडलाय. मुदतवाढीचाच आहे. तुमचे मिस्टरच देऊन गेलेत."