कॉर्नीचा हात

बेसबॉलच्या सुरुवातीच्या काळात उघड्या हातांनी चेंडू झेलायचा, आणि त्यात कॉर्नी डूलनला अमेरिकेतलं अख्खं ट्रॉय शहर मानायचं. कुणी हातमोजा घालून मैदानात उतरला, की तो सगळ्यांदेखत ओरडायचा, "आता बांगड्याही भर!"

पुढे क्लबने त्याला काढलं. घरातला कोळसा संपला, तसा तो मुकाट्याने हातमोज्यांच्या दुकानात गेला. "मोजा घालून माझा फोटो काढा, काचेत लावा. माझ्या नावावर खपतील."

पण मोडून वाकडी झालेली त्याची बोटं एकाही मोज्यात शिरेनात.

"राहू दे गड्या," दुकानदार म्हणाला. "नुसत्या हाताचाच काढू."



फोटोखाली दुकानदाराने पाटी लावली : 'याने मोजा घातला नव्हता.'