वायर नसलेली बेल

कशाचाही संग्रह करणाऱ्या माणसांवर मी डॉक्युमेंटरी करते आहे. चेन्नईत अड्यारला राहणारे कृष्णकांतराव पाडलेल्या घरांच्या दारावरच्या बेल जमवतात. त्यांच्या हॉलमध्ये भिंतभर बेल ठोकल्या आहेत. वायर एकीलाही नाही.

रिकाम्या हाती कसं जायचं, म्हणून मी आमच्या तांबरमच्या रेल्वे क्वार्टरची बेल नेली. क्वार्टर नुकतंच पाडलं होतं. त्यांनी ती लगेच भिंतीवर लावली.

मुलाखत झाल्यावर मी नेहमीप्रमाणे खोलीतली नुसती शांतता रेकॉर्ड करायला घेतली. एडिटिंगला ती लागते. पंखा बंद केला, हेडफोन लावला. दोघंही गप्प बसलो.

हेडफोनमध्ये बेल वाजली.

मी हेडफोन काढला. खोली शांत होती. पुन्हा लावला, तर पुन्हा बेल.

"कोणची वाजते, अम्मा?" कृष्णकांतरावांनी पुढे सरकून विचारलं.

"आमचीच."

दोनदा तुटक, मग एकदा लांब. शाळेतून आल्यावर अशी बेल फक्त मीच वाजवायचे.

त्यांनी स्वतःच्या बंद दाराकडे बोट दाखवलं.

"मग तुम्हीच उघडा. ज्याला ऐकू येते, त्यानंच उघडायचं."

मी हेडफोन काढून गळ्यात अडकवला.

बेल वाजतच राहिली.