काळ संपेपर्यंत

“काळ संपतो आहे, रूपराव. माझा हिशेब चुकला असेल तर सांगा,” पुंडलिकराव म्हणाले. “मला वाटतं, शेवट याहून लवकर येत असावा.”

अनुसयाबाई पाहुण्यासाठी चहाचा कप घेऊन दारातच थबकल्या. जगाचा शेवट लवकर यावा म्हणून आपला नवरा एवढ्या आशेनं बोलतो आहे, हे त्या पहिल्यांदाच ऐकत होत्या.

रूपराव नागपूरच्या कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवत. बारा वर्षांपूर्वी हिंगणघाटच्या शाळेत ते पुंडलिकरावांचेच विद्यार्थी होते. गुरुजींची सहा पत्रं आली, तेव्हा रविवार साधून ते आले होते. त्यांच्या मांडीवरच्या जाड वहीत गुरुजींचा सिद्धांत होता. काळ ताणला जातो आहे. आजचा तास कालच्या तासाहून थोडा लांब असतो. घड्याळंही काळाबरोबर मंदावतात, म्हणून त्यांना ते कळत नाही. कळतं ते फक्त माणसाच्या नाडीला. दोन वर्षांपूर्वी तासाला अठ्ठेचाळीसशे ठोके पडत. आता एकसष्टशे पडतात. असंच चाललं तर एकेचाळीस वर्षांनी एक तास असा सुरू होईल, की तो संपणारच नाही.

अनुसयाबाईंचा त्या वहीवर राग होता. एकुलत्या एका मुलीचं, नलूचं नाव दोन वर्षांत या घरात निघालं नव्हतं. नलूनं समुद्रपूरच्या प्रेमदास मास्तरशी लग्न केलं. प्रेमदासच्या घरच्यांनी नागपूरला जाऊन दीक्षा घेतली होती, पण गाव त्यांना अजून जुन्या जातीनंच ओळखत होतं. पुंडलिकरावही. नलू गेली आणि दुसऱ्याच दिवशी ही वही घरात आली. पोरीला विसरण्यासाठी बापानं वही धरली, असं अनुसयाबाई समजून होत्या.

रूपरावांनी गुरुजींचं मनगट धरलं. घड्याळ लावून ठोके मोजले.

“चौऱ्याहत्तर. वहीत तर मिनिटाला शंभराच्या वर आहेत. तुम्ही मोजता कुठं, गुरुजी?”

“मोटार स्टँडवर. रोज चार ते पाच. तिथं मोठं घड्याळ आहे.”

“घड्याळ शाळेतबी आहे,” अनुसयाबाई रूपरावांकडे पाहत बोलून गेल्या. “पन समुद्रपूरची मोटार शाळेत नाई येत. स्टँडवर येते, पाचाले.”

मग रूपरावांनी वही हळूच मिटली.

“तास लांबलेला नाही, गुरुजी. त्या तासात तुमचं काळीज धावतं. काळ काही संपत नाही. निदान या आकड्यांनी तरी नाही.”

“म्हणजे कधीच नाही?” पुंडलिकरावांनी विचारलं.

त्या प्रश्नानं अनुसयाबाईंना ती सकाळ आठवली. नलू जाताना पाया पडायला वाकली होती, आणि पुंडलिकरावांनी पाय मागे घेत म्हटलं होतं, “काळ संपेपर्यंत या घरात पाऊल टाकू नको.” या माणसानं दिलेला शब्द जन्मात कधी मागे घेतला नव्हता. एकदा रागाच्या भरात ‘आजपासून चहा बंद’ म्हणाले, तर नऊ वर्षं झाली, अजून कपाला हात लावला नव्हता. शब्द मोडता येत नव्हता. म्हणून हा माणूस दोन वर्षं त्या शब्दाची मुदत शोधत बसला होता.

अनुसयाबाईंनी कप खाली ठेवला. परक्या माणसासमोर त्या नवऱ्याशी कधी बोलत नसत. आज बोलल्या.

“तिनं आपल्या घरात पाऊल नाई टाकायचं, असं म्हटलं होतं तुमी. आपुन तिच्या घरी जायाचं नाई, असं कुठी म्हटलं?”

पुंडलिकरावांनी मान वर केली. एखादं गणित तपासावं तसं ते वाक्य त्यांनी मनाशी पुन्हा पुन्हा तपासलं. त्यात चूक सापडली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या मोटारीनं दोघं समुद्रपूरला उतरले. नलूनं दार उघडलं. बापाला पाहून ती आईच्या गळ्यात पडली. पाहुणे आले म्हणून प्रेमदास पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आला, आणि कोण आलं आहे ते पाहून जागच्या जागी थांबला. आपल्या हातचं पाणी पुढं करावं की नाही, त्याला कळेना. शेवटी तो तांब्या खाली ठेवायला वाकला.

पुंडलिकरावांनी दोन्ही हात पुढं केले.

“ठेवता काऊन, जवाईबापू?” ते म्हणाले. “तहान लागली मले.”