निळी भिंत
याच गल्लीत रॅप करत मोठा झालेला नट निर्माता होऊन, स्वतःच्याच आयुष्यावरच्या सिनेमासाठी परतला होता. शूटिंगसाठी त्याच्या शेजारच्या मावशीने हौसेने आपल्या घराची भिंत निळी रंगवली होती. दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला. “गरिबी दिसतच नाही! काजळी फासा.” रंगारी डबा घेऊन सरसावला. सकाळपासून दिग्दर्शकाशी वाद घालून मेटाकुटीला आलेला नट पायरीवर बसला. मावशीच म्हणाली, “फासू दे रे. तुझं काम अडायला नको. मी काय, पुन्हा रंगवीन.” तिच्या नखांत अजून निळा रंग होता. नटाने उठून रंगाऱ्याकडून डबा काढून घेतला. “भिंत आहे तशीच राहील.” “मग प्रेक्षकांना तुमचे हाल कळणार कसे?” दिग्दर्शक वैतागला. नट भिंतीला टेकून उभा राहिला. मेकअपवाली त्याच्या डोळ्यांखाली काळं लावायला आली, चेहरा जवळून पाहिला आणि डबी मिटून परत गेली.