बांगडीच्या मापाचा गूळ

"आबा, करवंद लागतंय कुठे? नुसता गूळ!" लेकीने एक घास खाऊन ताटली सरकवली. तिला सातवा महिना होता, अन्न पोटात ठरत नव्हतं. आईच्या हातचं करवंदाचं धोंडस तेवढं खावंसं वाटत होतं, आणि आई पौषातच गेली होती.

"तीन मुठी रवा, दोन मुठी गूळ. तूच सांगितलंस," अनाजी म्हणाले.

"आईच्या मुठी हो! तुमची मूठ म्हणजे फावडं."

दोघंही हसले. मग अनाजींनी आपली मूठ उघडून पाहिली. केवढी होती तिची मूठ? चाळीस वर्षांच्या संसारात तिचा हात त्यांनी दोनदाच धरला होता. एकदा लग्नात, तेव्हा लाजून त्यांनी त्याच्याकडे नीट बघितलंही नव्हतं. आणि एकदा दवाखान्यात, तेव्हा तो हात सुजलेला होता.

ते उठले. तिचा हात जिच्यातून जायचा, ती हिरवी बांगडी कपाटातून काढून त्यांनी ताटात ठेवली. तिच्यात मावेल तेवढ्या राशीला एक मूठ धरून त्यांनी रवा आणि किसलेला गूळ पुन्हा मोजला. नारळाच्या दुधात कालवून ते करवंदांवर ओतलं, पातेलं चुलीवर चढवलं आणि झाकणावर निखारे ठेवले.

या वेळी लेकीने ताटली चाटूनपुसून साफ केली आणि पदराने डोळे पुसले.

बांगडीला गूळ चिकटला होता. मोरीवर ती धुताना अनाजींनी तिच्यावर बोटं मिटली. एवढासाच होता हात. त्यांच्या मुठीत सहज मावला असता.