पाठमोरा

व्हर्लीननं खुर्ची ओढली ती थेट सायलसच्या गुडघ्याला गुडघा लागेल अशी, आणि गिटार मांडीवर घेतली. सायलस मॅबरीला हे आवडलं नाही. वाजवायला म्हणून त्याच्यासमोर इतक्या जवळ कुणी बसलं नव्हतं, कारण त्यानंच कधी बसू दिलं नव्हतं.

मिसिसिपीतल्या त्या गावात आज सायलसचा सत्कार होता. किराणा दुकानाच्या भिंतीवर त्याचं भलंमोठं चित्र रंगवलं होतं, तेही पाठमोरं. तो वाजवायचाच तसा, भिंतीकडे तोंड करून. तारा कशा लावल्यात, करंगळीत घातलेली फुटक्या बाटलीची काचेची मान तारांवर कुठून कुठे घसरते, हे दुसऱ्या कुणाला दिसू नये म्हणून. लोकांनी या चिक्कूपणाचंही कौतुक केलं. नाव झालेल्या माणसाची खोडही लोकांना गोड लागते.

तीन वर्षांपूर्वी अर्धांगाचा झटका आला आणि डावा हात लुळा पडला. आता तरी तारा कशा लावायच्या ते सांगा, म्हणून सकाळपासून चार जणांनी विनवलं. वर जाऊन देवदूतांना शिकवणार आहात का, असं सत्काराच्या जेवणासाठी मासे तळणाऱ्या बायकांनी विचारून पाहिलं. सायलस नुसता हसला. आपल्यामागे आपली ती गाजलेली चाल कुणाला येणार नाही, याचं त्याला आतून बरंच वाटत होतं.

व्हर्लीन ही होझिया प्रॅटची नात. होझिया जाऊन बरीच वर्षं झाली. सायलसच्या हातात पहिली गिटार त्यानं दिली, येत होतं तेवढं सगळं शिकवलं. पुढे सायलसला ही चाल सुचली. होझिया कौतुकानं बघायला जवळ आला, तेव्हा सायलसनं पहिल्यांदा पाठ फिरवली.

पोरीनं खुंट्या पिळल्या, करंगळीत काच चढवली. पहिला सूर कण्हत वर गेला आणि सायलसच्या हातातला माशाचा तुकडा हातातच राहिला. तीच चाल. तारा तशाच लावलेल्या. केसभर फरक नाही.

"कुणी दाखवलं तुला?" तिचं वाजवून झाल्यावर त्यानं विचारलं.

"आजोबांनी. तुम्ही पाठ फिरवलीत ना, त्याच दिवशी त्यांनी घरी येऊन तारा लावून बघितल्या. नुसतं ऐकून."

"मग वाजवलं का नाही कधी?"

"सायलसच्या पोटावर पाय द्यायचा नाही, म्हणायचे. तो वाजवतोय तोवर ही चाल घराबाहेर न्यायची नाही, अशी शपथ घातली होती आम्हाला." तिनं काच काढून पुसली. "आणि पहिल्यांदा वाजवशील ते त्याच्यासमोर बसून वाजव, म्हणाले. त्याला हात नीट दिसू देत."

तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. असता तर सायलसला सोपं गेलं असतं. त्याला इतकी लाज वाटली की तिच्या हातांकडेही बघवेना.

तेवढ्यात लोक टाळ्या वाजवत जवळ आले. सायलसकाकांनी हिला गुपचूप शिकवलं, मोठे छुपे रुस्तम आहेत, असं दुकानदारीण सगळ्यांना सांगू लागली. व्हर्लीननं सायलसकडे बघितलं. सांगायचं तर सायलसनंच सांगायला हवं होतं. त्यानं तोंड उघडलं. होझियाचं नाव जिभेवर आलं आणि तिथेच अडलं.

"माझी खुर्ची भिंतीकडे फिरव गं," तो व्हर्लीनला म्हणाला.

तिनं फिरवली. लोकांना वाटलं, म्हातारा जुन्या ऐटीत आला. टाळ्या आणखी वाढल्या आणि जो तो त्याच्या पाठीचे फोटो काढू लागला.