कडेची राणी

बाहेरची हवा खराब म्हणून सकाळपासून खिडक्या बंद होत्या. सुयशने लहानपणीच्या गेमवर कुणा हौशी माणसाने बनवलेला, चित्र रुंद करणारा पॅच टाकला आणि जुनं चौकोनी चित्र टीव्हीभर पसरलं.

“आता तरी घेतोस का हिला? अंघोळ करून येते.” तापाने किरकिरणारी लेक खांद्यावर घेऊन मृणाल तिसऱ्यांदा विचारत होती.

“दोन मिनिटं, यार.”

पडद्याच्या कडेला एक बाई नुसतीच उभी होती.

“ही कोण रे?”

“राणी. आधी चौकोनी चित्राच्या बाहेर असायची, म्हणून दिसायची नाही. तिचं काम पडेपर्यंत तिथेच उभी असते.”

मृणालने लेकीला दुसऱ्या खांद्यावर घेतलं.

थोड्या वेळाने सुयश वैतागला. “सारखं लक्ष जातं तिच्याकडे. पॅच काढूनच टाकतो.”